बोटीवरून न दिसणारी मुंबई

गेल्या हिवाळ्यातील एका रविवारी मुंबईच्या बंदरातून दीड तासाची एक ‘वारसा-सहल’ करण्याचा योग प्रस्तुत लेखकाला आला. गेटवे ऑफ इंडियाच्या पायऱ्यांवरून लाँच सुटते, किनाऱ्याच्या कडेकडेने उत्तरेस जाते, गोद्यांचे दुरून दर्शन घडवते, अटल सेतू नजरेच्या टप्प्यात आला की वळते आणि तेल उतरवण्याच्या बेटाला लांबून वळसा घालून पुन्हा गेटवेला येते. ध्वनिक्षेपक हाती घेतलेला एक तरुण मार्गदर्शक सोबत असतो. आम्ही तिघे होतो: मी, राजापूरकडचे माझे एक वृद्ध स्नेही आणि त्यांची दहा-अकरा वर्षांची नात. हे स्नेही चौतीस वर्षे मुंबईच्या गोदीत मालाच्या चढ-उताराचे काम करून निवृत्त झाले आहेत. आपण आयुष्य कोठे घालवले ते नातीला एकदा पाण्याच्या बाजूने दाखवावे, एवढीच त्यांची इच्छा होती.

मार्गदर्शकाने पुष्कळ माहिती दिली. ताजमहाल हॉटेल १९०३ साली उघडले, समोरच्या कमानीखालून इंग्लंडचा राजा भारतात आला, अमुक चित्रपटातील गाणे याच धक्क्यावर चित्रित झाले, तमुक नटाचा बंगला पलीकडे मांडव्याच्या बाजूला आहे, किनाऱ्यावरच्या नव्या मनोऱ्यात एका घराची किंमत किती कोटी आहे, हे सारे त्याने हसतखेळत सांगितले. मग बोट गोद्यांच्या समोर आली. तो म्हणाला, “हा जुना बंदराचा भाग. इथे आता पाहण्यासारखे काही नाही. पुढे येथे फार सुंदर विकास होणार आहे.” एवढे बोलून त्याने ध्वनिक्षेपक खाली ठेवला आणि संगीत सुरू केले. माझे स्नेही नातीला बोटाने एक शेड दाखवून काहीतरी सांगत होते. गाण्याच्या आवाजात तिला ते ऐकू आले नाही.

“पाहण्यासारखे काही नाही” हे वाक्य या लेखाचा विषय आहे. ते उच्चारणाऱ्या तरुणाविरुद्ध आमची काहीही तक्रार नाही. परतल्यावर त्याच्याशी बोललो तेव्हा कळले की, त्याला प्रत्येक फेरीमागे पैसे मिळतात, पगार नाही, रजा नाही, आणि पावसाळ्यात फेऱ्या बंद झाल्या की उत्पन्नही बंद. कोणते सांगायचे आणि कोणते गाळायचे हे त्याने ठरवलेले नाही. हाती दिलेला मजकूर त्याने पाठ केला आहे. प्रश्न तो मजकूर लिहिणाऱ्या व्यवस्थेचा आहे. पर्यटनाच्या नावाखाली ज्या इतिहासाची विक्री चालते त्यातून श्रमिकांना वगळणे हा निष्काळजीपणा नसून त्यामागे रोकड्या हितसंबंधांचा हिशेब आहे, असे आमचे म्हणणे आहे. ते क्रमाने तपासून पाहू.

कमान कोणाची?

प्रारंभ गेटवेपासूनच करू. राजा पंचम जॉर्ज १९११ च्या डिसेंबरात अपोलो बंदरावर उतरला तेव्हा ही कमान उभीच नव्हती. तिची कोनशिला त्याच वर्षीच्या मार्चमध्ये बसली होती आणि प्रत्यक्ष वास्तू लोकांसाठी खुली झाली ती १९२४ च्या डिसेंबरात. म्हणजे जो राजा या कमानीखालून आला म्हणून सांगितले जाते, तो तिच्याखालून आलाच नाही. साम्राज्याच्या वैभवाची ही आठवण मुळातच अशी उसनवारीची आहे. याउलट जे लोक या धक्क्यावर खरोखर आले आणि गेले त्यांचे नाव सहलीत निघत नाही. ९ जानेवारी १९१५ रोजी दक्षिण आफ्रिकेतील लढा आटोपून गांधीजी याच अपोलो बंदरावर उतरले. २८ फेब्रुवारी १९४८ रोजी ब्रिटिश फौजेची शेवटची तुकडी याच कमानीतून बाहेर पडली. हा दुसरा प्रसंग क्वचित सांगितला जातो. पण तोही असा की, जणू पाहुणे मंडळी निरोप घेऊन गेली!

ती मंडळी अशी सहजासहजी गेलेली नाहीत. १८ फेब्रुवारी १९४६ रोजी कुलाब्यातील ‘तलवार’ या नौदलाच्या प्रशिक्षण केंद्रातील नाविकांनी संप पुकारला. निकृष्ट अन्न, गोऱ्या अधिकाऱ्यांच्या शिव्या आणि गोऱ्या-काळ्यांच्या वेतनातील तफावत ही तात्कालिक कारणे होती. दोन-तीन दिवसांत संप मुंबईतून कराचीपर्यंत पसरला. एकूण ७८ जहाजे आणि सुमारे वीस हजार नाविक त्यात सामील झाले. संप समितीचे अध्यक्ष एम. एस. खान आणि उपाध्यक्ष मदन सिंग होते; एक मुसलमान, दुसरा शीख. जहाजांवर काँग्रेसचा तिरंगा, लीगचा हिरवा आणि कामगारांचा लाल असे तिन्ही झेंडे एकत्र चढले. देशाची फाळणी अवघ्या दीड वर्षावर आली असताना हे घडत होते, हे विसरता कामा नये. २१ तारखेला कॅसल बराकीत गोळीबाराची चकमक झडली. नाविकांचा अन्नपुरवठा तोडण्याचा डाव सरकारने टाकला तेव्हा सामान्य मुंबईकर खाण्याच्या पिशव्या घेऊन गेटवेवर जमले आणि नाविकांच्या होड्या ते अन्न घेऊन गेल्या. आज जेथे सहलीची तिकिटे फाडली जातात तेथेच हे घडले.

२२ तारखेला मुंबईतील गिरण्या बंद पडल्या. परळच्या गोळीबारात कमल दोंदे ठार झाल्या. त्या दोन-तीन दिवसांत या शहरात दोनशेहून अधिक नागरिक लष्कराच्या आणि पोलिसांच्या गोळ्यांना बळी पडले. कम्युनिस्ट पक्षाने हरताळाची हाक दिली होती. समाजवादी नेत्या अरुणा असफ अली नाविकांच्या पाठीशी उभ्या राहिल्या. राष्ट्रीय नेतृत्वाने मात्र शस्त्रे खाली ठेवण्याचा सल्ला दिला. सरदार पटेलांनी तो दिला आणि जीनांनीही दिला. २३ तारखेला नाविकांनी शरणागती पत्करली. ज्यांना बडतर्फ केले गेले त्यांना स्वतंत्र भारताने आपल्या नौदलात परत घेतले नाही आणि पाकिस्ताननेही घेतले नाही. राज्यकर्ते बदलले, तरी शिस्तभंग करणाऱ्या कामगाराविषयीची त्यांची दृष्टी बदलली नाही. गेटवेची सहल हे सांगत नाही, कारण हे सांगितले तर ती कमान राजाच्या स्वागताची न राहता उठावाच्या रंगभूमीची होते.

साग, अफू आणि कापूस

गेटवेहून उत्तरेस निघाले की नौदलाची गोदी लागते. येथे छायाचित्रे काढू नका, एवढेच मार्गदर्शक सांगतो. या गोदीचा इतिहास अठराव्या शतकात मागे जातो. १७३५ च्या सुमारास सुरतेहून लवजी वाडिया आपल्या सुतारांसह येथे आले आणि पुढे त्यांच्या घराण्याने पिढ्यान्‌पिढ्या जहाजे बांधली. मलबारच्या सागाची ही जहाजे इंग्लंडच्या ओकच्या जहाजांहून अधिक टिकत. १८१७ साली येथे पाण्यात सोडलेले ‘ट्रिंकोमाली’ हे जहाज आजही इंग्लंडमधील हार्टलपूल येथे तरंगते आहे. वाडियांचे नाव इतिहासाने जपले आहे आणि ते योग्यच आहे. पण तो साग तोडणारे, किनाऱ्यापर्यंत ओढणारे, करवतीने कापणारे आणि फळ्या जोडणारे हात कोणाचे होते, हा प्रश्न विचारणारा मजकूर कोठल्याही सहलीत आढळत नाही.

या जहाजांनी केले काय? १८१३ साली मुंबईत बांधलेल्या ‘कॉर्नवॉलिस’ या युद्धनौकेवर २९ ऑगस्ट १८४२ रोजी नानकिंगचा तह झाला. पहिल्या अफूयुद्धात पराभूत झालेल्या चीनने त्या तहाने हाँगकाँग गमावले आणि आपली पाच बंदरे परकीय व्यापाऱ्यांना खुली केली. माळव्यातील शेतात पिकलेली अफू मुंबईच्या बंदरातून चीनला जात होती. या शहरातील नामांकित व्यापारी घराण्यांपैकी अनेकांची आरंभीची संपत्ती त्या व्यापारातली आहे. जमशेटजी जीजीभॉय आणि डेव्हिड ससून ही दोन नावे सर्वांना ठाऊक आहेत. त्यांच्या दानातून रुग्णालये आणि ग्रंथालये उभी राहिली हे खरे. आणि ते दान ज्या पैशातून झाले त्यातील मोठा वाटा चिनी कष्टकऱ्याच्या व्यसनातून आणि माळव्याच्या शेतकऱ्याच्या घामातून आला, हेही तितकेच खरे. दोन्ही गोष्टी एकत्र सांगण्यास कोणाची हरकत असावी? सहलीत मात्र दानशूरपणा तेवढा उरतो.

पुढे अमेरिकेतील यादवी युद्धाच्या काळात, १८६१ ते १८६५ या वर्षांत, लँकेशायरच्या गिरण्यांना अमेरिकन कापूस मिळेनासा झाला आणि मुंबईच्या कापसाला सोन्याचे मोल आले. त्या पैशावर शहराची रूपरेषा बदलली. १८७३ साली बंदराचा कारभार पाहण्यासाठी विश्वस्त मंडळ स्थापन झाले. १८७५ साली ससून गोदी, १८८० साली प्रिन्सेस गोदी, मग व्हिक्टोरिया गोदी, १९१४ साली अलेक्झांड्रा गोदी, जिला आज आपण इंदिरा गोदी म्हणतो, अशा गोद्या समुद्र हटवून बांधल्या गेल्या. ससून गोदीत आजही पहाटे मासळी उतरते आणि बर्फाच्या पाण्यात बोटे गारठवीत बायका कोलंबी सोलत बसतात. हौशी छायाचित्रकार त्यांची छायाचित्रे काढून नेतात. त्यांच्या हाती दिवसाकाठी काय पडते, हे विचारण्याची गरज त्यांना वाटत नाही.

गोदीच्या भिंतीआड

आता त्या जागेकडे येऊ, जेथे पाहण्यासारखे काही नाही.

१४ एप्रिल १९४४ रोजी व्हिक्टोरिया गोदीत ‘फोर्ट स्टिकीन’ हे जहाज उभे होते. त्याच्या पोटात सुमारे चौदाशे टन दारूगोळा आणि कापसाच्या गासड्या एकत्र भरलेल्या होत्या. शिवाय सोन्याच्या विटा होत्या. स्फोटकांची खूण म्हणून लावायचा तांबडा बावटाही लावलेला नव्हता. दुपारी आग दिसली आणि चार वाजल्यानंतर अर्ध्या तासाच्या अंतराने दोन प्रचंड स्फोट झाले. गोदीतील जहाजे फुटली, वखारी जळाल्या, जळत्या गासड्या आसपासच्या वस्त्यांवर पडून मांडवीचा परिसर पेटला. आग विझवायला गेलेले ६६ अग्निशामक जवान प्राणास मुकले. एकूण मृतांचा आकडा आजही नक्की नाही. आठशेपासून तेराशेपर्यंतचे आकडे दिले जातात. सोन्याच्या विटांची मोजदाद मात्र काटेकोर झाली. गाळ काढताना त्यांतील एखादी वीट सापडली की कितीतरी वर्षांनंतरही तिची बातमी होई. माणसांची मोजदाद पुरी झाली नाही, कारण त्या दिवशी गोदीत कामाला असलेल्या रोजंदारी कामगारांची नोंद धडपणे कोणाजवळ होती?

नोंद नसण्यालाही कारण होते. त्या काळी गोदीतले काम तोलीवाल्यांच्या हाती होते. जहाज लागले की स्टीव्हडोअर कंत्राट घेई, तोलीवाला माणसांची टोळी पुरवी आणि त्यांच्या मजुरीतून आपला हिस्सा काढून घेई. पहाटे गोदीच्या दाराशी शेकडो माणसे उभी राहत. तोलीवाल्याची मर्जी असेल त्याला काम, उरलेल्यांना घरचा रस्ता. ही पद्धत मोडण्यासाठी जी झुंज झाली तिच्या अग्रभागी मंगळूरकडून आलेले पी. डि’मेलो होते. १९४८ साली गोदी कामगारांच्या रोजगाराचे नियमन करणारा कायदा झाला, पुढे मुंबईत कामगार मंडळाची योजना लागू झाली आणि कामगारांची नोंद, पाळीने काम व किमान हमी या गोष्टी प्रथमच अस्तित्वात आल्या. डि’मेलो १९५८ साली अकाली वारले. गोदीला लागून जाणाऱ्या, पूर्वी फ्रियर रोड म्हटल्या जाणाऱ्या रस्त्याला त्यांचे नाव आहे. रोज लाखो लोक त्या रस्त्याने जातात. नाव कोणाचे हे किती जणांना सांगता येईल?

माझे स्नेही त्या हमीच्या काळात गोदीत लागले. राजापूरच्या खडकाळ वरकस जमिनीवर पाच भावांचे पोट भरत नव्हते. गोदीच्या पगारावर दोन बहिणींची लग्ने झाली, धाकटा भाऊ शिक्षक झाला, गावी कौलारू घर उभे राहिले. कोकणातल्या हजारो घरांची हीच कथा आहे. मग कंटेनर आले. जे जहाज रिकामे करण्यास टोळ्यांना आठवडा लागे ते यारीने एक-दोन दिवसांत रिकामे होऊ लागले. १९८९ साली समोरच्या किनाऱ्यावर न्हावा-शेवा बंदर सुरू झाले आणि मुंबईच्या गोद्यांतील काम आटत गेले. ज्या व्हिक्टोरिया गोदीत तो स्फोट झाला ती गोदीच आता भरणी करून बुजवली गेली आहे. यंत्राला आमचा विरोध नाही. पाठीवर दोन मणाचे पोते वाहण्यात काही काव्य आहे असेही आम्ही मानीत नाही. पण यंत्राने वाचवलेल्या श्रमाचा लाभ कोणाच्या पदरात पडला, हे विचारण्याचा हक्क पाठ मोडलेल्या माणसाला नाही काय?

पलीकडचा किनारा

न्हावा-शेव्याच्या उंच याऱ्या बोटीतून दिसतात. मार्गदर्शक म्हणाला, देशातील अव्वल दर्जाचे बंदर. ते खरेच आहे. परंतु त्या याऱ्यांच्या मागे जासई आणि पागोटे ही गावे आहेत. नवी मुंबई आणि हे बंदर यांच्यासाठी जमिनी गेलेल्या उरण-पनवेलच्या शेतकऱ्यांनी रास्त भावासाठी आणि विकसित जमिनीतल्या वाट्यासाठी दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली लढा दिला. १६ आणि १७ जानेवारी १९८४ या दोन दिवसांत पोलिसांच्या गोळीबारात पाच शेतकरी हुतात्मा झाले. पुढे साडेबारा टक्के विकसित भूखंडाची जी योजना आली, ती या पाच जणांच्या रक्तातून आली. शेवा कोळीवाड्यातील मच्छीमार कुटुंबांना हलवून जेथे वसवले तेथे घरांना वाळवी लागली आणि पुनर्वसनासाठी त्यांना कित्येक दशके झगडावे लागले.

त्याच पाण्यात घारापुरीचे बेट आहे. सहाव्या शतकाच्या सुमाराच्या तेथील लेण्यांना १९८७ साली जागतिक वारशाचा दर्जा मिळाला. जगभरचे पर्यटक तेथील शिवमूर्तीपुढे नतमस्तक होतात. त्या बेटावरील तीन गावांत वीज पोचली ती मात्र २०१८ साली! समुद्राखालून केबल टाकून वीज नेणे अशक्य होते असे नाही, कारण बेटाशेजारी तेलाच्या टाक्या आणि समोर तुर्भ्याचे तेलशुद्धीकरण कारखाने व अणुशक्ती केंद्र दिव्यांनी लखलखत होते. दगडातल्या देवाची कीर्ती जगभर पोचली. त्या दगडाच्या छायेत राहणाऱ्या माणसाच्या घरात दिवा लागण्यास स्वातंत्र्यानंतर सत्तर वर्षे जावी लागली. वारसा या शब्दाचा आपल्याकडे अर्थ काय केला जातो, याचे याहून स्पष्ट उदाहरण शोधण्याची गरज नाही.

समुद्राच्या प्रवासाचेही तसेच. एके काळी चाकरमानी आगबोटीने कोकणात जात. १७ जुलै १९४७ रोजी भाऊच्या धक्क्यावरून रेवसला निघालेली ‘रामदास’ बोट बुडाली आणि सहाशेहून अधिक माणसे गेली. ती सणाला घरी निघालेली साधी माणसे होती. कोकणच्या त्या आगबोटी इतिहासजमा झाल्या. आज मोटारीसकट मांडव्याला नेणारी बोट आहे. २०२४ साली खुल्या झालेल्या अटल सेतूवर दुचाकीला आणि रिक्षाला मज्जाव आहे. १८ डिसेंबर २०२४ रोजी घारापुरीला निघालेल्या प्रवासी बोटीवर नौदलाची वेगवान बोट आदळून १५ जणांचे प्राण गेले. अनेकांच्या अंगावर प्राणरक्षक जाकिटेही नव्हती. त्यानंतर जाकिटांची सक्ती झाली. आमच्या सहलीतही जाकिटे दिली गेली. पण ती कशामुळे आली हे मार्गदर्शकाने सांगितले नाही.

‘मोकळी जमीन’ या शब्दाचा इतिहास

येथे एक आक्षेप अपेक्षित आहे. लोक सुटीच्या दिवशी चार घटका करमणुकीसाठी बोटीत बसतात. त्यांच्यापुढे गोळीबार, स्फोट आणि वाळवी यांचे पाल्हाळ कशासाठी? आमच्यातीलही काही मित्र म्हणतील की, आधीच कामगारांचे जिवंत प्रश्न थोडे आहेत काय, म्हणून सहलीतल्या बडबडीवर लेख लिहायचा?

पहिल्या आक्षेपाला उत्तर सोपे आहे. राजाची, नटांची आणि घरांच्या किमतींची कथा सांगितली जातेच. म्हणजे लोक ऐकतात. सोन्याच्या विटा भरलेल्या जहाजाची किंवा भुकेल्या नाविकांसाठी अन्न घेऊन धावलेल्या शहराची कथा कोणाला कंटाळवाणी वाटेल हे पटत नाही. दुसऱ्या आक्षेपाचे उत्तर अधिक गंभीर आहे, कारण तो जिवंत प्रश्नाविषयीच आहे.

मुंबईच्या पूर्व किनाऱ्यावर बंदराच्या ताब्यातील जमीन सुमारे अठराशे एकर आहे. या शहरात सार्वजनिक मालकीची एवढी मोठी सलग जमीन क्वचितच उरली असेल. २०१४ पासून तिच्या पुनर्विकासाच्या योजना निघत आहेत. २०२१ च्या कायद्याने बंदराच्या नावातून ‘विश्वस्त’ ही कल्पना गेली आणि ‘प्राधिकरण’ आले. मालमत्तेचा विनियोग ठरवण्याचे अधिकार नव्या मंडळाला मिळाले. २०२५ च्या सप्टेंबरात आलिशान प्रवासी जहाजांसाठी बांधलेल्या नव्या टर्मिनलचे उद्घाटन झाले. किनारा लोकांना खुला व्हावा, येथे बागा व्हाव्यात, पदपथ व्हावेत, हे आम्हालाही हवेच आहे. शंभर-दीडशे वर्षे गोदीच्या भिंतीने कष्टकरी वस्त्यांना समुद्र दिसू दिलेला नाही. पण खुला म्हणजे कोणाला खुला?

या बाबतीत गिरणगावाचा अनुभव ताजा आहे. १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या संपात अडीच लाख गिरणी कामगार उतरले आणि संपानंतर हळूहळू गिरण्या बंद पडल्या. १९९१ च्या विकास नियमावलीने गिरण्यांच्या जमिनीचे तीन वाटे ठरवले होते: एक महापालिकेला मोकळ्या जागेसाठी, एक सार्वजनिक घरबांधणीसाठी, एक मालकाला. २००१ साली त्या नियमात दुरुस्ती झाली. वाटणी फक्त ‘मोकळ्या’ जमिनीची व्हावी, बांधकामाखालची जमीन तीतून वगळावी, असा तिचा आशय होता. २००६ साली सर्वोच्च न्यायालयाने ती दुरुस्ती कायम ठेवली. एका विशेषणाने कामगारांच्या घरांची आणि शहराच्या मैदानांची शेकडो एकर जमीन गिळली. आज तेथे मनोरे उभे आहेत आणि त्यांच्या नावांत मात्र गिरण्यांची आठवण शोभेपुरती ठेवली आहे.

आता गोदीकडे पाहा. तेथे पाहण्यासारखे काही नाही, असे ध्वनिक्षेपकावरून दिवसातून चार वेळा सांगितले जाते. नकाशात ती ‘वापरात नसलेली’ जमीन असते. दारूखान्यात जहाजे तोडणारे मजूर, वखारींतील माथाडी, कोळसा बंदर आणि हाजी बंदर भागातील झोपड्यांत राहणारी कुटुंबे, मांडवी-माझगावचे कोळी, यांपैकी कोणीही त्या वाक्यात बसत नाही. जेथे कोणी नव्हते तेथून कोणाला हलवण्याचा प्रश्न उद्भवत नाही, आणि जेथे काही घडलेच नाही तेथे कोणाचा हक्क पोचत नाही. सहलीचा मजकूर आणि विकासाचा आराखडा एकाच टेबलावर लिहिले जातात असे आम्ही म्हणत नाही. तशी गरजही नाही. दोघांना एकच किनारा दिसतो आणि एकच माणूस दिसत नाही.

काय करावे?

या लेखाच्या शेवटी थोडे आत्मपरीक्षण आवश्यक आहे. हा इतिहास कोणी चोरून नेलेला नाही. तो आपण सांगितला नाही म्हणून दुसऱ्यांनी गाळला. नाविकांच्या उठावाचा स्मृतिदिन आपल्यापैकी किती शाखा साजरा करतात? पहिल्या महायुद्धात समुद्रात बुडालेल्या दोन हजारांहून अधिक हिंदी खलाशांचे स्मारक मशीद बंदरच्या खलाशी-गृहात आहे. त्यांतील कित्येकांची घरे रत्नागिरीच्या खाडीकाठी होती. ते स्मारक आपल्यापैकी किती जणांनी पाहिले आहे? संघटनेच्या कचेरीतील जुनी पत्रके, मिनिटबुके आणि छायाचित्रे वाळवीला देऊन आपण मोकळे झालो, आणि आता मार्गदर्शकाला दोष देण्यात काय अर्थ?

म्हणून काही निश्चित गोष्टी सुचवाव्याशा वाटतात. एक, दरवर्षी १८ फेब्रुवारी आणि १४ एप्रिल या दिवसांच्या आसपास श्रमिकांच्या मुलांसाठी बंदरात आपली स्वतःची फेरी काढावी. लाँच भाड्याने मिळते. तांडेल आणि खलाशी आपल्याच माणसांतले आहेत. निवेदन निवृत्त गोदी कामगारांनी करावे. दोन, ज्यांनी गोदीत, जहाजांवर आणि दारूखान्यात काम केले त्या वृद्धांच्या आठवणी ते हयात असतानाच लिहून घ्याव्यात. या कामाला पैसा लागत नाही, वही लागते. तीन, बंदराच्या जमिनीच्या प्रत्येक सुनावणीत आपली ठोस मागणी असावी: तेथे राहणाऱ्या व काम करणाऱ्यांची नोंद आधी, आराखडा नंतर, सार्वजनिक घरबांधणीचा वाटा जमिनीच्या एकूण क्षेत्रावर मोजला जावा, ‘मोकळ्या’ क्षेत्रावर नव्हे, बुजवलेल्या व्हिक्टोरिया गोदीजवळ १९४४ च्या सर्व मृतांचे, नाव ठाऊक असलेल्यांचे आणि नसलेल्यांचेही, स्मारक व्हावे, आणि बंदरातली जलवाहतूक बसच्या दराने सर्वांना मिळावी. चार, बोटींवरच्या मार्गदर्शकांना आणि खलाशांना संघटित करावे. त्यांना पावसाळ्याचे वेतन मिळवून देणारी संघटना उभी राहिली, तर पाठ केलेला मजकूर बदलण्याचे बळही त्यांना आपोआप येईल.

बोट गेटवेला लागली तेव्हा ऊन उतरले होते. पायऱ्यांवर माझ्या स्नेह्यांनी त्या तरुण मार्गदर्शकाला थांबवले आणि विचारले, “बाळा, तू कुठला?” तो लांज्याचा निघाला. “मग तुझे आजोबा काय करायचे?” त्याने क्षणभर विचार करून सांगितले की, आजोबा मुंबईला गोदीतच होते असे घरी म्हणतात, पण नक्की काय करायचे ते आपल्याला माहीत नाही. स्नेह्यांनी त्याला आपला पत्ता लिहून दिला. पुढच्या रविवारी तो आला का, हे मी अद्याप विचारलेले नाही. परंतु आपल्या शाखांतून अशी माणसे जागोजागी बसून आहेत, सांगण्यासारखे त्यांच्याजवळ पुष्कळ आहे, आणि ऐकणारा पत्ता शोधीत येईपर्यंत थांबण्याइतका वेळ त्यांच्याजवळ नाही. त्यांच्याकडे आपणच गेले पाहिजे, आणि याच महिन्यात गेले पाहिजे.